घरातली राजभाषा

"आई, बाबा दुसऱ्याच्या आवाजात का बोलतोय?" इराने बसमध्ये विचारलं, आणि चांगलं मोठ्याने विचारलं. मराठीत विचारलं म्हणून बरं, नाहीतर समोर बसलेल्या दोन्ही बायकांनी माना वळवून पाहिलं असतं. अनिमेष दाराजवळच्या मोकळ्या जागेत आपल्या आईच्या दोन सुटकेसेस गुडघ्यांनी अडवून उभा होता. आई सिलचरहून कोलकाता, दिल्ली, फ्रँकफर्ट आणि तिथून जर्मनीच्या या टोकाला, आमच्या आखनपर्यंत रेल्वे एवढं सगळं करून आल्या होत्या, पण त्यांच्या चेहऱ्यावर थकवा नव्हता. दोघं बोलत होती. म्हणजे भांडत असावीत असं वाटावं इतक्या जोरात आणि इतक्या पटापट बोलत होती, मग मध्येच दोघंही हसत होती. अनिमेष हात हलवत होता. तो बोलताना हात हलवत नाही. लग्नाला नऊ वर्षं झाली, त्याआधीची पुण्यातली तीन, पण या माणसाचे हात मी खिशात नाहीतर कीबोर्डवर पाहिले आहेत. त्याचा आवाजही खाली उतरला होता, पोटातून येत होता, आणि वाक्याच्या शेवटी कुठेतरी भलतीकडेच वळत होता. मी गिअरबॉक्सचे आवाज मोजून पोट भरते. कुठला आवाज कुठल्या दातातून आला हे मला मशीन न उघडता सांगता येतं, निदान मी तसं अहवालात लिहिते. आणि इथे घरातल्या माणसाचा आवाज मला ओळखू येईना. मी इराला म्हटलं, "बाबाचाच आवाज आहे तो. आजीशी बोलतोय." तिने जरा वेळ ऐकलं आणि मान हलवली. "निश्ट बाबा," ती जर्मनमध्ये म्हणाली, म्हणजे बाबा नव्हेच, आणि खिडकीबाहेर बघायला लागली.

तसं पाहिलं तर यात धक्का बसण्यासारखं काय होतं? माणूस आपल्या आईशी आपल्या भाषेत बोलणार नाही तर काय मराठीत बोलणार? पण त्या दिवसापासून माझं डोकं एका जागी बसेना. मला आठवायला लागलं की अनिमेष आईला फोन करायला नेहमी खाली जातो. रविवारी इरा व्हिडिओवर 'हाय सिलचर आजी' म्हणते आणि पळते, मग तो फोन घेऊन जिने उतरतो आणि सायकली ठेवायच्या शेडपाशी फेऱ्या मारत बोलतो. हिवाळ्यात टोपी घालून जातो. वर रेंज नीट येत नाही म्हणतो. मी ते इतकी वर्षं मानलं होतं. सासूबाई आल्या त्या संध्याकाळी मी स्वयंपाकघरात, बेडरूममध्ये, बाल्कनीत फोन धरून पाहिला, सगळीकडे रेंजच्या काड्या पूर्ण होत्या. अगदी संडासात सुद्धा. त्याला मी कधी म्हटलं होतं का, की घरात बांगला बोलू नकोस? नव्हतं म्हटलं. शपथेवर सांगते, नव्हतं. मी फक्त एवढंच म्हटलं होतं की जेवणाच्या टेबलावर मराठी बोलायचं. इरा अडीच वर्षांची असताना, किटात, म्हणजे इथल्या बालवाडीत जायला लागल्यावर, जर्मन तिच्या तोंडात असं भराभरा शिरायला लागलं तेव्हा केलेला नियम आहे तो. आपल्या लोकांच्या घराघरांत असतो. नियम जर्मनसाठी होता. जर्मनला दार बंद केलं की आणखी कोण बाहेर राहतं हे मी कशाला बघायला जाऊ?

आणि अनिमेषचं मराठी म्हणजे काय सांगावं. पुण्याला इंजिनिअरिंगला आला तेव्हा मेसवाल्या मनोरमाकाकूंनी त्याला पहिले धडे दिले, 'अरे, ती पोळी मागतोस का तो पोळी मागतोस', असे. पुढचे मी दिले. आता तो 'आगीतून फुफाट्यात' म्हणतो, 'उंटावरून शेळ्या हाकणे' म्हणतो, ऑफिसातल्या बॉसबद्दल तर नेमकं म्हणतो. आखनच्या महाराष्ट्र मंडळात त्याच्याइतकं कौतुक कुणाचं होत नाही. राजाभाऊ, म्हणजे आमचे मंडळाचे अध्यक्ष, चाळीस वर्षं इथल्या एका यंत्रांच्या कारखान्यात काढलेले, दर कार्यक्रमात त्याच्या पाठीवर थाप मारतात. "जावई असावा तर असा! आमची पोरं बघा, बाप मराठीत ओरडतो आणि ही जर्मनमध्ये माफी मागतात." सगळे हसतात, अनिमेष लाजतो, माझी मान ताठ होते. का होऊ नये? मी एक माणूस मिळवला आहे या भाषेला. माझे आजोबा संयुक्त महाराष्ट्रासाठी ठाण्याच्या तुरुंगात बसून आले होते, आमच्या घरात मराठी ही अशी इकडेतिकडे सांडून ठेवायची गोष्ट नव्हती. माझ्या आईने मला पाहुण्यांसमोर 'प्लेट' म्हटल्याबद्दल झापलं आहे. आता इथे, जिथे बेल्जियम एका बसच्या अंतरावर आणि हॉलंड दुसऱ्या बसच्या, माझ्याजवळ मराठीचं जे काही आहे ते एका साडेपाच वर्षांच्या मुलीच्या तोंडात आहे. किटातून आणायला गेले की ती जर्मन बोलत बाहेर येते. पाण्यात खेळणाऱ्या पोराला काठावर बोलवावं तसं मी तिला कोपऱ्यावरच्या बेकरीपर्यंत एकेका शब्दाने मराठीत आणते. कधी येते, कधी येत नाही. अलीकडे येत नाही. ऑगस्टमध्ये शाळा सुरू होईल, आणि मग काय होतं ते मी राजाभाऊंच्या दोन्ही मुलांकडे बघून जाणते. ही माझी भीती आहे. ती मी कुणाला उघड सांगत नाही, पण सकाळी दात घासताना पहिल्यांदा तीच आठवते.

तर त्या टेबलावर सासूबाई बसल्या. स्नेहलता त्यांचं नाव, मी त्यांना अनिमेषसारखंच 'मा' म्हणते. त्यांचं माझं बोलणं हिंदीत, तेही दोघींचं मोडकं, आणि अडलं की इंग्रजीत. पहिल्याच जेवणाला त्यांनी इराला विचारलं, "भात खाइसो नि गो, मा?" बंगाल्यांकडे मुलीला मा म्हणतात हे मला ठाऊक होतं, आणि जेवलीस का हे तर कुठल्याही भाषेत कळतं. इराने माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "आजी विचारतेय, भात खाल्लास का. हो म्हण." इरा म्हणाली, "हो." मग अनिमेषने ताट पुढे ओढलं आणि मला म्हणाला, "आमटी मस्त झालीय. आज किटात काय केलंस गं इरा?" स्वच्छ मराठीत. समोर आई बसलेली. रोजच्या सवयीने बोलला तो, टेबल आलं की त्याची जीभ आपोआप वळते. आणि मग आम्ही तिघं बोलत राहिलो, आणि मा खाली मान घालून भात कालवत राहिल्या. माशाचा काटा काढून त्यांनी ताटाच्या कडेला ठेवला, तो नीट आडवा ठेवला, मग परत सरळ केला. मला ते दिसत होतं. मी काही तरी करायला हवं होतं, निदान हिंदीत वळायला हवं होतं, पण इराने त्या वेळी एक अख्खं, लांबलचक, सरळ मराठी वाक्य बोलायला घेतलं होतं, किटातल्या सशाबद्दल, आणि ते अर्ध्यावर तोडायचा माझा जीव झाला नाही.

एक मे त्या वर्षी रविवारी आला होता. इथे कामगार दिनाची सुट्टी असतेच. मंडळाने चर्चचा हॉल भाड्याने घेतला, मिसळ केली, पोरांची नाचगाणी झाली, आणि दर वर्षीप्रमाणे हुतात्म्यांना आदरांजलीचं वाचन अनिमेषकडे होतं. ते वाचन मीच लिहून देते. मा पहिल्या रांगेत, कडक इस्त्रीची पांढरी, हिरव्या काठांची साडी नेसून, पर्स मांडीवर घेऊन बसल्या होत्या. अनिमेष वाचत होता, फ्लोरा फाउंटन, गोळीबार, एकशे सहा माणसं, आपल्या भाषेचं राज्य. छान वाचतो तो. 'ळ' सुद्धा आता बरोबर लागतो. वाचन संपलं, राजाभाऊ माईककडे वळत होते, त्यांनी अजून 'दोन मिनिटं स्तब्धता' म्हटलं नव्हतं, आणि तेवढ्यात मा उठून उभ्या राहिल्या. एकट्याच. हात जोडले नाहीत, डोळे मिटले नाहीत, नुसत्या ताठ उभ्या राहिल्या, पर्स हातात घट्ट धरून. मग बाकीचा हॉल खुर्च्या सरकवत उठला. मी अनिमेषकडे पाहिलं. तो कागदाची घडी घालत होता, परत उलगडत होता, आणि आईकडे अजिबात बघत नव्हता.

बाहेर आल्यावर मांनी मला विचारलं, "कितने लोग?" मी म्हटलं, "एक सौ छह." त्या म्हणाल्या, "हमारा ग्यारह." आणि पुढे चालायला लागल्या. मला वाटलं त्या आणखी काही बोलतील. मला एकोणीस मे माहीत होता, म्हणजे अनिमेषने मला तो एकदा सांगितला होता, लग्न ठरत असताना, थट्टेच्या सुरात. "आमच्या घरी मे महिन्याची सुट्टी नव्हती गं, एकोणीस मे होता. आंबे बिंबे सगळं वीस तारखेनंतर." सिलचरच्या स्टेशनवर एकसष्ट साली बांगला भाषेसाठी रुळांवर बसलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. त्याची आई तेव्हा पंधरा-सोळा वर्षांची होती, सकाळपासून तिथे बसली होती, आणि दुपारी घरच्यांनी बोलावणं धाडलं म्हणून भात खायला घरी गेली. ती हात धूत असताना गोळ्यांचा आवाज आला. तेव्हापासून दर वर्षी त्या दिवशी ती स्टेशनवर जाते, आणि अनिमेषला कडेवर होता तेव्हापासून बारावी होईपर्यंत नेलं. उन्हात, अनवाणी, हातात फुलं. तो म्हणायचा, पायाला चटके बसायचे आणि मला वाटायचं ही भाषा माझ्या तळपायाला चिकटली आहे. त्याने पुणं गाठलं ते त्या चटक्यांपासून पळून, असं तो म्हणतो. मला तेव्हा ते आवडलं होतं. मोकळा माणूस, कसली ओझी नाहीत. मोकळी जागा मिळाली की आपण पटकन सामान लावतो.

कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तो भांडी पुसत होता, मा आणि इरा खाली अंगणात होत्या. "मुक्ता," तो म्हणाला, "मी इराशी थोडं बांगला बोललो तर चालेल?" नवऱ्याने बायकोला असं विचारायचं असतं का? स्वतःच्या मुलीशी बोलायची परवानगी? मला त्याचा राग आला, आणि रागाच्या भरात मी फार शांतपणे बोलले. म्हटलं, "चालेल की. न चालायला काय झालं? पण आत्ता नको. शाळा सुरू होऊ दे. एकदा जर्मन वाचायला-लिहायला लागली की मग बघू. आत्ता चार भाषांचा काला व्हायचा." तो म्हणाला, "बरं." आणि कढई पुसून जागेवर ठेवली. नुसतं बरं! भांडला असता, पातेलं आपटलं असतं, तर मला काही बोलता आलं असतं, मीही दोन शब्द ऐकवले असते आणि मग कदाचित मागे घेतले असते. पण बरं म्हटल्यावर माणसाने काय करायचं? मी रात्रभर तळमळले वगैरे काही नाही, मला झोप लागली. पण सकाळी दात घासताना जी भीती आठवते तिच्या शेजारी आता आणखी काहीतरी येऊन बसलं होतं आणि ते सरकून जागा मागत होतं.

मी ऑफिसात, मापन चालू असताना, वाचत बसायला लागले. आसाम सरकारने साठ साली असमिया ही राज्याची भाषा केली. काछारच्या, म्हणजे सिलचरच्या जिल्ह्यातल्या लोकांनी म्हटलं, आमची बांगला आहे. सरकार म्हणालं, बघू. मग सत्याग्रह, मग एकोणीस मे, मग अकरा मृत्यू, मग त्या जिल्ह्यापुरती बांगलाला मान्यता. त्याच्याआधी नऊ वर्षं ढाक्यात बांगलासाठीच गोळीबार होऊन एकवीस फेब्रुवारी झालेलीच होती, आणि मधल्या काळात बिहारातल्या मानभूमची माणसं आपला मुलूख बंगालात जावा म्हणून पायी कोलकात्याला चालत गेली होती. हे सगळं वाचताना मी कुणाच्या बाजूची होते? अर्थात काछारच्या. आजोबांची नात आहे मी. सरकारचा तो 'योग्य वेळी विचार करू'चा सूर मला शाळेच्या पुस्तकापासून पाठ आहे, तो वाचला की माझ्या हाताच्या मुठी वळतात. त्या दिवशीही वळल्या. आणि मग मला माझंच वाक्य ऐकू आलं, शाळा सुरू होऊ दे, मग बघू. मी लॅपटॉप बंद केला. छे, हे काहीतरीच. मी काय सरकार आहे? माझ्याकडे काय पोलीस आहेत? जर्मनसारखा हत्ती दारात उभा असताना मी एक शेळी राखत बसले आहे, आणि माझ्यावर कुणी राज्य गाजवल्याचा आळ घ्यावा? पण आसामवाले तरी काय म्हणत होते? तेही म्हणत होते, आमची भाषा लहान आहे, चहूकडून बुडतेय, तिला एवढं एक घर तरी असू द्या. मला आसामचं म्हणणं पटायला लागलं. हे फार वाईट झालं. आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं, हे आजोबा हसत हसत मोरारजींच्या लोकांना लावायचे, ते माझ्या दारात येऊन उभं राहील असं त्यांच्या स्वप्नातही आलं नसेल.

मग मी एक हलकटपणा केला. आमच्या संस्थेत ईप्सिता म्हणून कोलकात्याची मुलगी पीएचडी करते. विद्यापीठाच्या मेन्झामध्ये बटाट्याचं सूप पिताना तिला मी सहज म्हणून विचारलं, एकोणीस मे म्हणजे काय गं? ती म्हणाली, "एकवीस फेब्रुवारी म्हणायचंय का तुम्हाला?" मी म्हटलं, नाही, सिलचर. ती विचारात पडली. "ते आसाममध्ये ना? तिकडे पण काहीतरी झालं होतं बहुतेक." आणि मला गार वाटलं. खरंच गार वाटलं! बंगाल्यांनाच पत्ता नाही, तर माझ्या टेबलाने का म्हणून ठेवावा? दिवसभर मी त्या गारव्यात काम केलं. संध्याकाळी घरी आले तर मा बाल्कनीत बसून इराच्या केसांना तेल लावत होत्या, तोंडाने काहीतरी गुणगुणत होत्या, आणि इरा डोळे मिटून बसली होती. मला पाहून मांनी गुणगुणणं थांबवलं. त्यांना कुणी काही सांगितलं नव्हतं. घराला एक हवा असते, ती पाहुण्यांना आधी कळते.

सतराच्या सकाळी मांनी मला विचारलं, "यहाँ स्टेशन कितना दूर है?" मी विचारलं, कुठे जायचंय? म्हणाल्या, कुठेही नाही, फक्त स्टेशनवर. एकोणीस तारीख आहे ना. कुठलंही स्टेशन चालेल, रूळ असले की झालं. मी अनिमेषला सांगितलं, तर त्याला नेमकं त्या दोन दिवसांत वाल्डॉर्फला ट्रेनिंग निघालं. ते ट्रेनिंग जूनमध्येही होतं, मला माहीत होतं, आणि मला माहीत आहे हे त्याला माहीत होतं. "तू नेशील ना तिला?" तो म्हणाला. "इराला पण घेऊन जा." त्याच्या तळपायांना अजून चटके बसत होते बहुतेक. किंवा मी बरं म्हणायला लावलं त्याचा हा सूड होता. अनिमेषला सूड घेता येत नाही, पण मला तेव्हा तसं वाटलं आणि वाटून जरा बरंही वाटलं.

गुरुवारी मी लवकर निघाले, इराला किटातून उचललं, आणि आम्ही तिघी वेस्टच्या स्टेशनवर गेलो. मुख्य स्टेशनवर फार गर्दी, शिवाय वेस्ट आमच्या घरापासून जवळ. लहानसं स्टेशन, पलीकडे मालगाड्यांचे रूळच रूळ. मांना ते एकदम पसंत पडलं. पिशवीत लाल फुलं होती, आमच्या इमारतीच्या अंगणातल्या ऱ्होडोडेंड्रॉनची, सकाळी कुणी उठायच्या आत तोडलेली. भारतातल्या सगळ्या आज्या फुलं चोरतात, हा काही नवा शोध नाही. मांनी बाकाजवळ चपला काढल्या. मग माझ्याकडे न बघता वाट पाहिली, तेव्हा मीही सँडल काढले, आणि इराने आनंदाने बूट-मोजे भिरकावले. मा वाकल्या आणि बाकावर एकेक फूल ठेवू लागल्या. दर फुलाला एक नाव घेत होत्या. बाकाच्या दुसऱ्या टोकाला एक जर्मन म्हातारी बसली होती. तिने आधी आमच्या पायांकडे पाहिलं, मग फुलांकडे, आणि मला हळूच विचारलं, इथे कुणी गेलं का? मी म्हटलं, हो, पण इथे नाही. ती म्हणाली, "आख् झो," आणि आपली पिशवी उचलून मांडीवर घेतली, फुलांना जागा व्हावी म्हणून. नंतर उठून उभीही राहिली.

फुलं ठेवून झाल्यावर मा बराच वेळ रुळांकडे बघत राहिल्या. मग त्यांनी माझा हात धरला. त्यांचा हात तेलाचा, फुलांच्या चिकाचा. त्या हिंदीत म्हणाल्या, आणि ते हिंदी मी आहे तसंच ठेवते, "बउमा, तुमने इतना दूर आके अपना भाषा बचा लिया. बेटी के मुँह में बचा लिया. हम अपना बेटा में नहीं बचा पाया. तुम जीत गया." आणि माझ्या डोक्यावर हात ठेवला. टोमणा नव्हता तो. टोमणा असता तर मी तो परत केला असता, माझी तयारी होती. त्या मनापासून आशीर्वाद देत होत्या, एका जिंकलेल्या बाजूच्या बाईला, जिला त्या आपल्याच बाजूची समजत होत्या. मला रडू आलं आणि मला ते नको होतं. मला त्या क्षणी त्या बाईचा, त्या फुलांचा, अनिमेषच्या त्या 'बरं'चा, स्वतःचा, सगळ्यांचा भयंकर संताप आला. इरा माझा कुर्ता ओढत विचारत होती, "आई, आजी काय म्हणाली? आई, वास हाट झी गेझाग्ट?" मी तिला काय सांगू? कुठल्या भाषेत सांगू?

मी फोन काढला आणि अनिमेषला लावला. स्पीकरवर टाकला. त्याने लगेच उचलला, जणू हातातच धरून बसला होता. "बोल गं. झालं का तुमचं?" पाठीमागे कॉफीच्या मशीनचा आवाज. मी म्हटलं, "झालं. आता तू इराशी बोल. तुझ्या भाषेत बोल."

"शाळा सुरू झाल्यावर म्हणालीस ना तू."

"शाळा गेली खड्ड्यात. आत्ता बोल."

पलीकडे कुणीतरी जर्मनमध्ये दूध मागितलं. रुळांवरून एक मालगाडी सावकाश जायला लागली, ती संपेपर्यंत मला वाटलं तो बोलत असेल आणि मला ऐकू येत नसेल. ती गेली. मग तो मराठीत म्हणाला, अगदी हळू, "काय बोलू मुक्ता? मी तिच्याशी कधी बोललोच नाही ना त्यात. आईशी कसं बोलायचं ते येतं. मित्रांशी येतं. लहान मुलीशी बाप कसा बोलतो... मला आठवतच नाहीये गं. शब्द येतात आणि ते कुणी दुसऱ्याचे वाटतात."

"काहीही बोल," मी ओरडले. ती जर्मन म्हातारी दचकली. "रागाव तिच्यावर. खोटं बोल. पण त्यात बोल रे!"

मी फोन इराच्या हातात दिला. तिने तो दोन्ही हातांनी तोंडासमोर धरला. मा आमच्याकडे बघत होत्या, काय चाललंय ते त्यांना कळत नव्हतं, आणि आम्ही मराठीत बोलत होतो म्हणून त्यांनी विचारलंही नाही. मग फोनमधून तो आवाज आला, बसमधला, पोटातून येणारा, पण आता बिचकत, परक्याच्या दारावर टकटक करावी तसा. "भात खाइसो नि गो, मा?"

इराने फोन तोंडापासून लांब धरून त्याच्याकडे पाहिलं. मग फार समजूतदारपणे, लहान मुलं मोठ्यांची चूक सांभाळून घेतात तशी, ती फोनमध्ये म्हणाली, "बाबा, मी आहे. इरा. थांब, आजीला देते."

आणि तिने फोन आजीच्या हातात दिला.